ल्होत्याची घरं

सप्टेंबर संपत आला की आमच्या शिकागोजवळच्या नेपरव्हिलच्या दुकानांत लांबट, काळपट-निळे प्लम येतात. जेमतेम दोन-तीन आठवडे दिसतात, मग गायब. परवा मी सवयीने दोन पिशव्या उचलल्या, ट्रंकमध्ये टाकल्या आणि गाडी सुरू करताना लक्षात आलं, आता हे द्यायचे कोणाला? आमच्या घरात ते कोणी खात नाही. माझा नवरा मंदार, त्याला आंबट चालत नाही. आणि लेक ईरा, फळ म्हटलं की "आय ॲम गुड" म्हणून जिना चढून वर. पिशव्या अजून फ्रीजच्या खालच्या कप्प्यात पडल्या आहेत. टाकवत नाहीत आणि खाववतही नाहीत.

हे मेले दिवसच असे. गणपती होऊन गेलेले, दिवाळी लांब, अंगणातला मेपल कडेकडेने तांबडा व्हायला लागलेला. गावाबाहेर पश्चिमेला गेलं की मका वाळून खडखडीत झालेला असतो आणि कापणीची मशीनं दिवसभर धूळ उडवत असतात. वारं सुटलं की ती धूळ आमच्या ड्राइव्हवेपर्यंत येते, गाडीच्या काचेवर पिवळा थर बसतो. सकाळी हीटर लावा, दुपारी खिडक्या उघडा. सुरुवातीची वर्षं या दिवसांत मला नुसता कंटाळा यायचा. आता वाईट वाटतं. सरळच सांगते, रडू येतं. कारण ही ल्होत्याच्या जत्रेची वेळ, आणि यंदा जत्रा नाही.

ल्होता हे गाव चेक देशात होतं. होतं, असंच म्हणायला हवं. नकाशात शोधायला जाल तर ल्होता नावाची शेकडो गावं सापडतील, आपल्याकडे वडगावं असतात तशी. पण हे ल्होता सापडायचं नाही. त्याच्या जागी आता मोठं तळं आहे आणि त्या तळ्यात म्हणे लोक सुट्टीच्या दिवशी शिडाच्या होड्या चालवतात. मी स्वतः तिथे कधी गेले नाही. तरी मला ते गाव या टोकापासून त्या टोकापर्यंत माहीत आहे, आणि ते आमच्या शेजारच्या बोझेनाकाकूंमुळे.

आम्ही हे घर घेतलं त्याच आठवड्यातली गोष्ट. कुंपणावरून एक उंच, हाडापेराने मजबूत गोरी बाई वाकली आणि तिने विचारलं, "तुमच्या इंडियन दुकानात खसखस स्वस्त मिळते ना?" नवीन शेजार, मी उत्साहाने चांगली मोठी पिशवी आणून दिली. त्यांनी ती उघडली, आत बघितलं, मग माझ्याकडे बघितलं. "हिला काय झालंय?" म्हणाल्या. त्यांची खसखस काळी असते, आपली पांढरीफटक. त्यांनी ती परत केली नाही, आणि वापरलीही नाही. पक्ष्यांना घातली. आमचं जमलं ते तिथून. त्या इंग्रजी बोलायच्या, पण चेक हेल काढून, आणि मला सुनीताऐवजी सुनीत्का म्हणायच्या. मी त्यांना काकू म्हणू लागले. त्यांचं बोलणं मी इथे मराठीत लिहितेय. काय करू, माझ्या डोक्यात ते मराठीतच साठून राहिलंय.

तर जत्रा. त्यांच्याकडे गावागावाचा एक संत असतो आणि सुगी झाली की त्या संताची जत्रा. लेकीबाळी माहेरी येतात, बदक भाजतात, घरोघरी गोल गोड पाव होतात, मधे खड्डा करून प्लम नाहीतर काळी खसखस भरलेले. हे ऐकून मी म्हटलं, "काकू, मग हे तर आमचंच झालं की." त्यांना काही ते पटलं नाही. "तुमच्याकडे बदक कुठे असतं?" म्हणाल्या. काय बोलणार बाप्पा, माझ्या माहेरी अंडंसुद्धा घरात येत नव्हतं.

ल्होत्याची पाच-सहा कुटुंबं शिकागोच्या आसपास होती. अडुसष्ट साली त्यांच्या देशात रशियाचे रणगाडे घुसले त्या सुमाराला, एकाच्या मागोमाग दुसरा अशी निसटलेली. आधी एक आला, त्याच्या ओळखीने दुसरा आला, आपली मंडळी येतात तशीच. फरक एवढाच की त्यांनी परतीची वाट बंद करून पाय उचलला होता. सप्टेंबरच्या शेवटच्या रविवारी ही सगळी काकूंच्या मागच्या अंगणात जमायची. जेवायची, बियर प्यायची, वाद घालायची. आणि मग उठून गावातून चालायला लागायची.

म्हणजे काय, ते नीट सांगते. अंगणाच्या खालच्या कोपऱ्यात तळघराच्या पंपाचं पाणी जिथे निघतं, ते गावाचं खालचं टोक. तिथे गुरांचं तळं होतं. वर डेकजवळ ग्रिल ठेवलेली ते चर्च. मधली हिरवळ म्हणजे गावचा रस्ता. काकू पुढे, बाकीचे मागे. दर दोन पावलांवर काकू थांबायच्या आणि रस्त्यातून हाक मारावी तशी घराला हाक मारायच्या, "लोहाराचं घर." त्या घराचं जे कोणी हजर असेल ते मोठ्याने म्हणायचं, "तदी." तदी म्हणजे इथे. आपण हाकेला ओ देतो ना, तशी ती त्यांची ओ. मग पुढचं घर. दोन चुलींचं घर, तदी. विहिरीवरचं घर, तदी. त्यांच्याकडे घराला घराचंच नाव असतं, राहणाऱ्याचं नाही. लोहार मरून पिढ्या उलटल्या, आत शिंपी राहतोय, तरी पत्ता विचारला की लोहाराचं घर.

ज्या घराचं कोणी उरलं नाही तिथे सगळे थांबायचे. ते घर कोणीतरी घेतल्याशिवाय पुढे पाऊल टाकायचं नाही. मग गर्दीतून कोणी म्हणायचं, "मी घेतो," आणि ओ द्यायचं. त्यानंतर जन्मभर त्या घराची ओ त्याने द्यायची. नियम एकच, पण कडक. माणूस जिवंत आहे तोवर त्याच्या घराची ओ दुसऱ्याने द्यायची नाही. तो आजारी असो, परगावी असो, रुसून बसलेला असो. "गुरं घेऊन गेलाय," म्हणायचं आणि पुढे व्हायचं.

काकूंचे दीर व्हाक्लावकाका, मोठा प्रेमळ माणूस. एका वर्षी यार्मिलाबाई नावाच्या त्यांच्या गाववाल्या हॉस्पिटलात होत्या आणि आता काही खरं नाही असं डॉक्टर म्हणाले होते. व्हाक्लावकाकांनी बिचाऱ्यांनी चांगल्या मनाने त्यांच्या घराची ओ दिली. काकू जागच्या जागी वळल्या.

"ती गेली का?"

"नाही, पण डॉक्टर म्हणतात..."

"मग तू तिला मारलंस."

जत्रा तिथेच मोडली. दीर-भावजयीचं वर्षभर बोलणं नव्हतं. यार्मिलाबाई मात्र खडखडीत बऱ्या झाल्या आणि पुढच्या वर्षी व्हाक्लावकाकांच्या तोंडासमोर उभं राहून त्यांनी अशी खणखणीत ओ दिली की पलीकडच्या गल्लीतलं कुत्रं भुंकायला लागलं.

काकूंचं स्वतःचं घर 'हान्झलांचं'. हे हान्झल कोण, असं मी एकदा प्लमच्या बिया काढता काढता विचारलं. त्या दुपारी मला ल्होत्याची सगळी गोष्ट कळली. हान्झल जर्मन होते. गावात निम्मे जर्मन, पिढ्यान् पिढ्या राहिलेले. दुसरं महायुद्ध संपल्यावर त्यांना हाकललं. हातात मावेल तेवढं घ्या आणि चालू लागा. रिकाम्या घरांत सरकारने दुसरीकडची माणसं आणून बसवली. काकूंचे आईवडील त्यातले. काकू तेव्हा तीन-चार वर्षांच्या असतील. त्यांना एवढंच आठवत होतं की दार ढकलून आत गेले तर चुलीवर सूप होतं. आईने ते फेकलं नाही, गरम करून सगळ्यांना वाढलं.

"भूक लागली होती," काकू म्हणाल्या. "आणि सूप चांगलं झालं होतं."

मी विचारलं, "मग हान्झलांचं पुढे काय झालं?" म्हणाल्या, माहीत नाही, कोणी विचारलं नाही. पण घराचं नाव कोणी बदललं नाही. आम्ही इतकी वर्षं राहिलो, माझं लग्न त्या घरातून झालं, माझे वडील त्या घरात वारले, तरी ते हान्झलांचंच घर. त्यांच्या बोलण्यात तक्रार नव्हती. उलट तेच बरोबर आहे अशा सुरात त्या बोलत होत्या. बोटं निळी-जांभळी झालेली, आणि समोर बियांचा ढीग.

मग गावाखाली कोळसा आहे असं ठरलं. म्हणजे कोळसा होताच, तो आता सरकारला हवासा झाला. काकू तोवर इकडे आल्या होत्या, तिकडची हालहवाल आई कळवायची. आधी शाळा बंद झाली. मग बस बंद झाली. मग बटाटे लावू नका म्हणून सांगितलं. लोकांना शहरात सिमेंटच्या इमारतींत खोल्या दिल्या. तिथे घरात नळ होता, गरम पाणी होतं, आणि आई खूश होती. हे सांगताना काकूंचा आवाज उतरला. आईने गावासाठी रडायला हवं होतं असं त्यांना वाटत होतं, आणि आई तर गरम पाण्याचं कौतुक करत होती. मग उंच इमारतीएवढी खणणारी मशीनं आली. चर्चला सुरुंग लावला. काकूंना जाता येत नव्हतं, देश सोडल्याबद्दल तिकडे त्यांना शिक्षा ठोठावलेली होती. पुढे राज्य बदललं, जाता येऊ लागलं, तेव्हा जायला गाव नव्हतं. तरी एकदा गेल्या. खाणीच्या काठावर उभ्या राहिल्या, तेव्हा तिच्यात पाणी सोडून तळं केलेलं नव्हतं. "इतका मोठा खड्डा, सुनीत्का," म्हणाल्या, "की तळाशी ढगाची सावली चालताना दिसत होती."

काकूंनी हे सांगितलं त्याच वर्षी आम्ही नागपूरचा माझ्या आईबाबांचा फ्लॅट विकला होता. आधी आई गेली, मग बाबा, आणि बंद फ्लॅटला वाळवी लागायला लागली. मंदार म्हणाला, "अगं, बिल्डिंग तर तिथेच आहे ना यार." आहे की. मागच्या खेपेला मी मुद्दाम रिक्षा तिकडून घ्यायला लावली. आमच्या गॅलरीत कोणाच्या तरी साड्या वाळत होत्या, आईने लावलेली जाईची वेल कापून टाकलेली होती. रिक्षावाला म्हणाला, "ताई, उतरायचंय का?" उतरून कोणाला हाक मारू? माझं कोणी काही हिसकावून घेतलेलं नाही. मी आपल्या पायांनी निघाले, चांगल्या पगारासाठी निघाले, तेव्हा ल्होत्याच्या दुःखाशी माझं दुःख तोलायचा मला हक्क नाही. पण मनात यायचं ते आलंच. हान्झलांपैकी कोणी कधी परत येऊन त्या दाराशी उभं राहिलं असेल का, आणि आतून काकूंच्या आईने विचारलं असेल का, काय पाहिजे म्हणून? हे मी काकूंना कधी विचारलं नाही.

मग अंगणातलं ल्होताही रिकामं व्हायला लागलं. यार्मिलाबाई गेल्या. व्हाक्लावकाका गेले. मुलंबाळं टेक्सासला, कोलोरॅडोला, त्यांना सोमवारी ऑफिस. काकूंचा मुलगा पीटर फिनिक्सला. त्याला चेक येत नाही. स्वभावाने भला आहे, पण गावाचा विषय निघाला की म्हणायचा, "मॉम, देअर वॉज नो बाथरूम." एकेक माणूस जात होतं आणि त्याची घरं काकूंकडे येत होती. शेवटी शेवटी जत्रेला पाहुणे म्हणून आम्ही तिघं, आणि गाव म्हणून काकू एकट्या. त्याच हाक मारायच्या आणि त्याच ओ द्यायच्या. पहिल्यांदा ते बघितलं तेव्हा ईरा माझ्या कानाशी लागली, "मॉम, शी इज आन्सरिंग हरसेल्फ." मी तिला डोळ्यांनी दटावलं. पण लोहाराची ओ त्या जाड आवाजात द्यायच्या आणि विहिरीवरच्या घराची बारीक आवाजात, तेव्हा मलाही हसू आवरायचं नाही. काकूही हसायच्या.

एकदा मी म्हटलं, "काकू, एखादं घर मला द्या ना." म्हणाल्या, "तुला गाव आहे की." मंदार आमचा इंजिनियर, त्याने लॅपटॉप आणला, म्हणाला, मी सगळी घरं क्रमाने टाइप करून ठेवतो. काकूंनी लॅपटॉपचं झाकण अलगद मिटवलं. "कागद ओ देतो का?" मग तो म्हणाला, फोनवर रेकॉर्ड करू? "मशीननेच तर गाव खाल्लं," म्हणाल्या. त्याने फोन खिशात टाकला.

गेल्या वर्षीच्या उन्हाळ्यात काकू विसरायला लागल्या. आधी साधंच, चष्मा वगैरे. मग पिठात मीठ दोनदा. मग मला यार्मिला म्हणायला लागल्या. एकदा शेगडीवर भांडं ठेवून झोपल्या आणि दारात फायर ट्रक आला. पीटर लगोलग आला, चार दिवस राहिला, घर विकायला काढलं आणि आईला ऑक्टोबरात फिनिक्सला न्यायचं ठरवलं. तिथे अशा लोकांसाठी चांगली जागा आहे म्हणे. मी त्याला एवढंच म्हटलं, "जत्रा होऊ दे." तो हो म्हणाला. त्याचं काही चुकलं असं मी म्हणणार नाही. मी तरी दुसरं काय केलं असतं?

पण मला धाकधूक होती ती वेगळीच. काकूंना घरं आठवतील का? आणि आठवली तरी त्या निघून गेल्यावर ती कोणाकडे राहणार? मशीनने एकदा नेलेलं गाव दुसऱ्यांदा जाणार होतं, आणि या वेळी ते माझ्या डोळ्यांदेखत, आमच्या कुंपणापलीकडे जाणार होतं. म्हणून त्या रविवारी मी सकाळपासूनच त्यांच्या स्वयंपाकघरात ठाण मांडलं. पीठ मी मळलं, त्या खुर्चीत बसून चुका काढत होत्या. "प्लम पालथे नको, प्लम उताणे." पाव बरे झाले. ऊन स्वच्छ होतं, वारा थोडा गार.

जेवणं झाली आणि कोणी न सांगता काकू उठल्या. पायांना सगळं ठाऊक होतं. पंपाच्या पाइपापाशी जाऊन उभ्या राहिल्या आणि हाक मारली, "गवळ्याचं घर." स्वतःच ओ दिली, "तदी." लोहाराचं. तदी. दोन चुलींचं. तदी. एक नाव चुकलं नाही, एका घराची जागा हलली नाही. सकाळी मला यार्मिला म्हणणारी बाई ती हीच का, असा प्रश्न पडला. ईरा पुटपुटली, "शी इज डुइंग इट, मॉम," आणि माझा जीव भांड्यात पडला. आता थोडक्यात सगळं निभावेल, असं मला वाटलं.

हिरवळीच्या बरोबर मध्यावर काकू थांबल्या. "हान्झलांचं घर."

आणि ओ दिली नाही. हात कानामागे धरून वाट बघत राहिल्या. मला वाटलं दम लागला असेल. त्यांनी पुन्हा हाक मारली, या वेळी जरा मोठ्याने. मग वळून आमच्या तिघांकडे बघितलं.

"कोणी नाही?"

मंदार हळूच म्हणाला, "काकू, दॅट्स युअर..." मी त्याचा हात दाबला. काकूंना त्यातलं काही कळलेलं नव्हतं.

मी म्हटलं, "गुरं घेऊन गेली असतील."

"नाही," काकू म्हणाल्या. "गुरं कुठली आता त्यांच्याकडे. त्यांना हाकललं ना."

त्यांनी गवताकडे बघितलं. चेहऱ्यावर दुःख नव्हतं, गावातल्या कोणा बिचाऱ्यांबद्दल वाटतं तेवढंच होतं. मग त्यांनी माझ्याकडे बोट केलं.

"तू घे."

माझ्यासमोर त्या उभ्या होत्या, धडधाकट, पांढऱ्या केसांवर ऊन पडलेलं, बाहीला पीठ लागलेलं. जिवंत माणसाच्या घराची ओ द्यायची नाही हे त्यांनीच तर आम्हाला शिकवलं होतं. दिली तर मी त्यांना त्यांच्या देखत संपवणार. नाही दिली तर काकू इथून पुढे सरकणार नाहीत, आणि वरची घरं, चर्चपर्यंतचं निम्मं गाव, हाक न मारताच राहून जाईल. पुढच्या रविवारी या अंगणात सामानाचा ट्रक उभा असणार होता.

"सुनीत्का," काकू म्हणाल्या. कित्येक आठवड्यांनी त्यांनी मला माझ्या नावाने हाक मारली होती. "लवकर. माझे पाय दुखतायत, आणि अजून खूप घरं आहेत."

त्यांचा तो चेक शब्द मला त्या क्षणी आठवेना. मी ओ दिली, आईने खालून हाक मारल्यावर द्यायचे तशी.

काकूंनी मान हलवली, आणि पुढच्या घराकडे निघाल्या.